ओव्हनच्या पायाखालचा पुठ्ठा

आमच्या घरातले स्कोन, म्हणजे ते मैद्याचे जाडसर गोल विलायती पाव, तिरके फुगायचे. किंचित नाही, चांगले एका अंगाला कललेले, बसल्या जागी डुलकी लागलेल्या माणसासारखे. ट्रेमध्ये ठेवताना सरळ आणि बाहेर काढताना तिरके. त्याचा दोष वर्षानुवर्षं बिचारा ओव्हन सोसत आला.

स्कोन करतात आमचे मिस्त्री, म्हणजे माझा नवरा. नळकाम हा त्यांचा धंदा. सगळी गल्ली त्यांना मिस्त्री म्हणते, मग मी एकटीनं वेगळं काय म्हणायचं? ते लोकांच्या घरचे नळ, पाइप, तुंबलेली सिंक बघतात आणि मी घरी बसून फोन घेते. कुठून गळतंय, किती गळतंय, आधी मुख्य चावी बंद करा, खाली बादली ठेवा, माणूस निघालाय. अर्ध्या गावाचं तोंड मी पाहिलेलं नाही, पण कुणाकडे काय गळतं ते मला तोंडपाठ आहे.

स्कोन त्यांना एका म्हाताऱ्या बाईंनी शिकवले. त्यांचं सिंक मोकळं करायला हे गेले होते. बाईंनी गरम स्कोन हातावर ठेवला. तो खाऊन झाल्यावर घरी यायचं सोडून हे ओट्याशी उभे राहिले आणि पुढचा घाणा कसा होतो ते बघूनच परतले. आल्या आल्या मैद्याचा डबा शोधायला लागले. गोल कापायला साचा नव्हता, तर रुंद तांब्याच्या पाइपचा तुकडा कापला आणि त्याची कड कानशीनं घासून धारेला लावली. तो तुकडा अजून आमच्या चमच्यांच्या खणात आहे.

तेव्हापासून रविवारी सकाळचं स्वयंपाकघर त्यांचं. मला आत यायला बंदी, कारण माझे हात गरम. स्कोनला म्हणे थंड हात लागतात. माझ्या डोक्याबद्दलही ते असंच काहीतरी म्हणतात, पण ते जाऊ दे. फ्रीजमधलं घट्ट लोणी मैद्यात बोटांच्या टोकांनी चोळायचं, जाड रव्यासारखं होईपर्यंत. त्यात साखर, चहात भिजवलेले बेदाणे, सुक्या जर्दाळूचे तुकडे आणि लिंबू पिळून फाडलेलं दूध. मळायचं नाही, नुसतं गोळा करायचं. मग जाडसर थापायचं, त्यावर पाइपचा तुकडा दाबायचा आणि नळ बंद करावा तसा त्याला पाव फेरा द्यायचा. वरून दुधाचं बोट फिरवायचं आणि ट्रे ओव्हनमध्ये. मग स्टूल ओढून काचेतून बघत बसायचं, आज तरी सरळ फुगतात का.

नाही फुगायचे. मग मिस्त्री पाणसळ आणायचे, ती ओव्हनच्या डोक्यावर ठेवायचे, एक डोळा मिटून नळीतला बुडबुडा बघायचे आणि फरशीलाच उतार आहे असं जाहीर करायचे. एका रविवारी पुठ्ठ्याची घडी मागच्या पायाखाली जायची, पुढच्या रविवारी ती काढून उजव्या पायाखाली. बुडबुडा मध्यावर यायचा, स्कोन काही यायचे नाहीत. मी म्हणायचे, ओव्हन तरी बदला. ते म्हणायचे, ओव्हन चांगला आहे, फक्त त्याला नीट उभं राहायला शिकवलं पाहिजे.

हा कार्यक्रम बघायला आमची मुलगी शेजारच्या स्टुलावर बसलेली असायची. तिला हे 'वायसर' म्हणतात. तान्ही असताना ती एकदा रडायला लागली की थांबायची नाही, तर हे म्हणाले, हिचं वायसर गेलंय, बदलून घ्यायला हवं. नळाच्या आतली ती रबरी चकती. नाव चिकटलं ते चिकटलंच. मोठी होऊन ती इंजिनिअर झाली, तीही पाण्याचीच. वारशात द्यायला आमच्याकडे जमीन नाही की दागिने नाहीत, पाणी तेवढं आहे.

पावसाळ्यात मिस्त्री एका इमारतीच्या तळघरात ओल्या पायरीवरून घसरले आणि सगळा भार उजव्या हातावर आला. मनगट मोडलं. प्लास्टर झालं, हाड जुळलं, पण मनगट फिरेना. बोटं चालत होती, वजन पेलवत होतं, फक्त पंजा उलटासुलटा होत नव्हता. डॉक्टर म्हणाले, हाडाचं काम झालं, आता सांधा मोकळा करणं तुमच्या हातात. व्यायाम शिकवणाऱ्या बाईंनी एक आखूड लाकडी काठी दिली. ती मुठीत उभी धरायची आणि एकदा इकडे, एकदा तिकडे कलती करायची, बस्स. मिस्त्रींनी दोन-चार दिवस केलं, कळा आल्या, आणि काठी दाराजवळच्या छत्र्यांत जाऊन उभी राहिली. आयुष्यभर पाना फिरवला, आता लहान मुलासारखी काठी फिरवत बसू का, असं म्हणाले. मी बडबडले, रुसले, एक दिवस बोललेही नाही. काही उपयोग झाला नाही.

पण खरं कारण मला ठाऊक होतं. एका सकाळी न्हाणीघरात पाणी वाहत राहिलेलं मी ऐकलं. बराच वेळ. मग मिस्त्री बाहेर आले आणि खिडकीशी जाऊन बसले. मी आत गेले आणि नळ बंद केला. तो घट्ट नळ त्यांच्या उजव्या हाताला वळला नव्हता आणि डाव्या हातानं वळवायची त्यांना लाज वाटली होती. हा माणूस घाबरला होता. काठी फिरवूनही हात फिरला नाही तर काय, त्यापेक्षा न फिरवलेली बरी. त्या दिवसापासून मी फोनवर सांगायला लागले की मिस्त्री बाहेरगावी गेलेत.

मुलीलाही हाताचं कळू द्यायचं नाही असं ठरलं. ती दूर राहायची, फोनवर लपवणं सोपं होतं. तिची नेमकी तेव्हा निवड चालली होती. समुद्राचं पाणी गोडं करणारा एक मोठा कारखाना आहे, देशाच्या पार दुसऱ्या टोकाला, तिथे दोन वर्षांचं शिक्षण आणि पुढे तिथलंच काम. असं बोलावणं पुन्हा येत नाही. मिस्त्रींनी माझ्याकडून शब्द घेतला. कळलं तर ती सगळं सोडून इथे येऊन बसेल, ती तशीच आहे, म्हणाले. खोटं नव्हतं ते. शाळेत असताना मला ताप आला तर ही सहलीच्या बसमधून उतरून घरी आली होती. मी शब्द दिला. पटला नव्हता, तरी दिला.

निवड झाली. निघण्याआधी दोन दिवस घरी राहून जाते, असं तिनं कळवलं. आता फोन नव्हता, समोरासमोर गाठ होती.

मिस्त्रींनी बेत आखला. लांब बाह्यांचा सदरा घालायचा, चहाचा कप डाव्या हातानं घ्यायचा, डबे-बरण्या मी उघडायच्या. आणि स्कोन करायचेच. ती आली आणि घरात स्कोन नसले तर तिला लगेच शंका येईल. ती यायच्या आधीच करून ठेवले म्हणजे हात कुणाला दिसायचा नाही. झाली की नाही झाकली मूठ सव्वा लाखाची, असं म्हणून स्वतःच हसले.

त्या सकाळी बंदी उठली आणि मला आत घेतलं. दूध मी ओतलं, डबे मी उघडले. लोणी मात्र त्यांनी चोळलं, बोटांना कुठे काय झालं होतं. पाइपचा तुकडा त्यांनी तळहातानं दाबला, सरळ खाली, आणि सरळ वर उचलला. ट्रे आत गेला. आम्ही दोघं काचेशी बसलो.

स्कोन सरळ फुगले.

एकूण एक. बाजू ताठ, वर सपाट, मधोमध एक छान चीर, दुकानाच्या काचेत मांडावेत असे. मिस्त्री बघतच राहिले. मग गुडघ्यावर बसून त्यांनी ओव्हनच्या पायाखाली पाहिलं. त्यांनी कालच तिथला पुठ्ठा बदलला होता, बुटांच्या खोक्याच्या झाकणाचा तुकडा. बघ, सापडला की नाही उतार, असं ते म्हणाले तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर जे होतं ते मी कित्येक महिन्यांत पाहिलं नव्हतं. मला इतकं बरं वाटलं की मीही त्या पुठ्ठ्याचं कौतुक केलं. दोघांनी मिळून एवढी अक्कल पाजळली, पण खरी गोष्ट एकाच्याही डोक्यात आली नाही.

मुलगी दुपारी आली. मिस्त्रींनी तिला डाव्या हातानं जवळ घेतलं, डाव्याच हातानं बॅग उचलली. ती बोलत होती, हसत होती, कारखान्याबद्दल सांगत होती. सगळं सुरळीत चाललं होतं. मी मनातल्या मनात सुटकेचा निश्वास टाकला आणि टेबलावर स्कोनची ताटली ठेवली.

तिनं एक उचलला. खाल्ला नाही. टेबलावर परत ठेवला आणि खाली वाकून, डोळे टेबलाच्या पातळीला आणून, त्याच्याकडे बाजूनं पाहिलं. मिस्त्री रंगात आले होते. पाणसळ, उतार, बुटांच्या खोक्याचं झाकण, सगळं सांगून झालं. ती सरळ उभी राहिली. चेहऱ्यावरचा रंग उतरला होता.

"बाबा, तुमच्या हाताला काय झालंय?"

मिस्त्रींनी माझ्याकडे पाहिलं. मी शब्द पाळला होता, मी छताकडे पाहिलं. कुठे काय, असं ते म्हणाले, पण उजवा हात त्यांनी टेबलाखाली घेतला, आणि तो घेतानाच सगळं संपलं.

मग तिनं सांगितलं. ओव्हनचा काही दोष नव्हता, कधीच नव्हता. पाइप दाबताना बाबा त्याला फेरा देतात, त्यानं स्कोनची कड एका बाजूला पिळली जाते, मिटते. पिळलेली बाजू फुगत नाही, मोकळी बाजू फुगते आणि स्कोन कलतो. तिला हे शाळेत असल्यापासून माहीत होतं. एकदा बाबा दार उघडायला गेले तेव्हा तिनं स्वतः एक स्कोन कापला होता. तिच्या छोट्या हाताला फेरा देता आला नाही, नुसता दाबला. त्या ट्रेमध्ये तेवढा एकच सरळ फुगला. तो तिनं कुणी बघायच्या आत, तोंड भाजून घेत, खाऊन टाकला.

मी विचारलं, मग इतकी वर्षं बोलली का नाहीस? तिनं बापाकडे पाहिलं.

"तुम्हाला ओव्हन सरळ करायला किती आवडायचं, बाबा."

नाचता येईना अंगण वाकडं, ही म्हण मी आयुष्यभर दुसऱ्यांसाठी वापरली. ते अंगण माझ्याच स्वयंपाकघरात होतं. एरवी मी मिस्त्रींना यावरून वर्षभर छळलं असतं. पण तेव्हा हसू आलं नाही. ते सदऱ्याची बाही वर करत होते.

मुलीनं तो हात आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि तळवा वर करायला सांगितला. तो अर्ध्यावर आला, मग कोपर आणि खांदा त्याच्याबरोबर वळले, मनगट नाही.  तिनं हात खाली ठेवला आणि म्हणाली, मी जात नाही. उद्या कळवून टाकते.

ज्याला आम्ही इतके महिने भीत होतो ते आलं, आणि एका साध्या वाक्यात आलं. मिस्त्री उठले, सिंकपर्यंत गेले, परत आले. त्यांचा आवाज सहसा चढत नाही, तेव्हाही चढला नाही.

"हात मोडला तो माझा. त्यात तुझा पाय अडकला तर हा हात बरा होऊनही मला उपयोग नाही. रोज त्याच्याकडे बघून मला तेच आठवेल."

  आता मात्र माझा संयम संपला. मी दिलेला शब्द हात लपवायचा होता, आळस लपवायचा नव्हता. मी बाहेर गेले, छत्र्यांतली काठी आणली आणि ताटलीशेजारी टेबलावर आपटली. ही बघ, म्हटलं, ही तुझ्या बाबांची औषधाची बाटली. दोन-चार दिवस घेतली आणि कोपऱ्यात ठेवली. डॉक्टर म्हणाले होते फिरवा म्हणजे फिरेल, यांनी फिरवलीच नाही. आणि तू इथे येऊन काय करणार आहेस, यांच्यासाठी काठी फिरवणार आहेस?

 मुलीनं काठी उचलली, उलटीसुलटी करून पाहिली. मग फ्रीज उघडून लोणी काढलं आणि म्हणाली, बाबा, मैदा घ्या.

दुसरा घाणा तिच्या देखत झाला. तिनं पाइपचा तुकडा त्यांच्या हातात दिला आणि म्हणाली, कापा, नेहमीसारखा. त्यांनी दाबला. मग फेरा द्यायला गेले. कपाळावर घाम आला, खांदा वर गेला, पाइप जागचा हलला नाही. त्यांनी एकदा डोळे मिटले, पण हात काढून घेतला नाही. पुढचा कापला, त्याच्या पुढचा कापला. मुलगी बाजूला उभी होती. मदत करायला तिचे हात शिवशिवत होते, मला दिसत होतं, पण तिनं ते पाठीमागे बांधून घेतले होते. मला त्या दोघांचंही इतकं वाईट वाटलं की मी उगाच भांडी विसळायला घेतली.

स्कोन सरळच आले. ती म्हणाली, जाते मी. पण एक अट. दर रविवारी स्कोन करायचे आणि मला फोटो पाठवायचा, बाजूनं काढलेला. फोनवर तुम्ही दोघं खोटं बोलता ते मला कळलंय, स्कोन खोटं बोलणार नाहीत. आणि आई, तू पाइपला हात लावायचा नाही. काठी रोज.

ती गेली. दारात मिस्त्रींनी तिच्या बॅगेत सरळ स्कोनचा डबा ठेवला. तिनं तो बाहेर काढून मला परत दिला. तिरके होतील तेव्हा पाठवा, म्हणाली.

मग आमचं काठीपुराण सुरू झालं. मिस्त्री सकाळी कण्हत, दुपारी कुरकुरत आणि संध्याकाळी मला दोष देत काठी फिरवायचे. मी समोर बसून फोन घ्यायचे आणि नजर काठीवर ठेवायचे. पहिल्या रविवारी त्यांनी हळूच ओव्हनच्या पायाखालचा पुठ्ठा काढून टाकला, तसे तरी तिरके होतील म्हणून, जुनी खोड. स्कोन सरळ. फोटो पाठवला, उत्तर आलं, "सरळ." पुढच्या रविवारीही, "सरळ." त्याच्या पुढच्याही. सरळ या शब्दाचा एवढा राग येऊ शकतो हे मला माहीत नव्हतं. शेजारीण एकदा ताटली बघून म्हणाली, अगदी बेकरीसारखे झालेत हो, हात बसला तुमचा. मिस्त्री उठून आत गेले. तिला बिचारीला काय कळणार?

काठी कधी थोडी जास्त कलायची, कधी दुसऱ्या दिवशी पुन्हा अडायची. फोटोवरचं उत्तर बदलत नव्हतं. मीच मनातून खचले होते, तोंडावर मात्र दाखवत नव्हते. आणि गंमत म्हणजे तेव्हा मिस्त्रीच न बोलता काठी उचलायचे. आता ते स्वतःसाठी फिरवत नव्हते, तिला पाठवायच्या फोटोसाठी फिरवत होते.

झाडांना नवी पालवी फुटली होती, तेव्हाचा रविवार. उरलेल्या कडा गोळा करून मिस्त्री शेवटचा एक स्कोन कापतात, तो नेहमीच ओबडधोबड असतो, म्हणून त्याच्याकडे कुणी बघत नाही. ट्रे बाहेर आला. मिस्त्रींनी पाहिलं, सगळे ताठ. मान हलवून ते फोन शोधायला लागले. मी त्या शेवटच्याकडे बघत होते. अहो मिस्त्री, म्हटलं, जरा पाणसळ आणा.

त्यांना वाटलं ओव्हनला हवी आहे. मी ती स्कोनच्या डोक्यावर धरली. बुडबुडा मध्यावरून सरकला आणि कडेला जाऊन थांबला.

मिस्त्रींनी एक डोळा मिटून पाहिलं, मग दुसरा मिटून पाहिलं. मग दोन्ही पुसले. ओबडधोबड आहे म्हणून कलला असेल, असं पुटपुटले. पण कड एका बाजूला पिळलेली स्पष्ट दिसत होती. पाणसळीसकट फोटो काढला आणि पाठवला.

त्या दिवशी उत्तर आलं नाही, फोनच आला. मिस्त्रींनी तो डाव्या हातानं कानाला लावला. मला पलीकडचं बोलणं ऐकू येत नव्हतं, कारण बोलणं नव्हतंच. 

"वायसर गेलं का गं?" त्यांनी विचारलं.

पलीकडून रडवेलं, ओलं 'हो' आलं असावं.  मी हात धुवायला सिंकचा नळ सोडला होता आणि तो तसाच सोडून पदरानं डोळे पुसत होते. मिस्त्री बोलत बोलत सिंकशी आले. पाणी वाया जाताना त्यांना बघवत नाही. त्यांनी हात लांब केला, नळ धरला आणि फिरवला. हळू, अडत अडत, पण फिरवला. उजव्या हातानं. त्यांचं सगळं लक्ष फोनकडे होतं, त्यांना ते कळलंही नाही.

नळ पुरता बंद झाला नव्हता. थेंब थेंब गळत राहिला. आयुष्यभर लोकांना गळती थांबवायला सांगत आले मी, पण त्या दिवशी त्या नळाला हात लावला नाही. दुसरा कुणी लावायला आला असता तरी लावू दिला नसता.